ज्यानं पैसे भरले त्यालाच कुलूप

पहिली लेव्हल संपली की प्रिन्स एका खोलीत यायचा आणि तिथं नुसत्या बाटल्याच बाटल्या, प्रत्येक बाटलीच्या वर एक इंग्रजी अक्षर. खाली लिहून यायचं, अमक्या पानावरच्या अमक्या ओळीतला अमका शब्द, त्याचं पहिलं अक्षर जे असेल ती बाटली प्या. आता कुठलं पान आणि कसली ओळ? साल ९६ असेल, कोल्हापुरात लक्ष्मीपुरीतल्या एका क्लासला मे महिन्याच्या सुट्टीत डॉस शिकायला जायचो, सर चहाला खाली उतरले की लगेच प्रिन्स ऑफ पर्शिया चालू. चुकीची बाटली प्यायली की खालचा एक लाल त्रिकोण कमी व्हायचा, तिन्ही गेले की मेला, परत पहिल्यापासून. आम्हाला खरंच वाटायचं की हे गेममधलंच कोडं आहे, राजवाड्यात कुठंतरी ते पान लपवलेलं असणार, म्हणून पहिली लेव्हल भिंतीला धडका देत पुन्हा पुन्हा फिरायचो.

मग कळलं की क्लासमधल्या एका मोठ्या पोराकडं शंभर पानी वही आहे आणि तिच्या मागच्या पानांवर सगळं उतरवलेलं आहे, पान, ओळ, शब्द आणि पुढं अक्षर, निळ्या पेनानं, रकाने आखून. ती वही एक दिवस घरी न्यायला मिळावी म्हणून मी चार दिवस त्याला कट वडा खाऊ घातलाय.

ते पान म्हंजे गेमच्या खोक्यात येणाऱ्या पुस्तिकेचं पान होतं, हे मला कॉलेजात गेल्यावर समजलं. ज्यानं खोकं विकत घेतलं त्याच्याकडं पुस्तिका असणार, ज्यानं नुसती फ्लॉपी कॉपी केली त्याच्याकडं नसणार, एवढा साधा हिशोब. त्याच सुमाराला, १९९० मध्ये आलेल्या मंकी आयलंडच्या खोक्यात पुठ्ठ्याच्या दोन चकत्या होत्या, त्या फिरवून समुद्री चाच्याचा चेहरा जुळवायचा आणि खिडकीत दिसणारं साल टाइप करायचं. आमच्या फ्लॉपीनं खोकं कधी बघितलंच नव्हतं, किती हातांतून ती लक्ष्मीपुरीला पोचली देव जाणे. पण ती वही म्हंजे मी आयुष्यात बघितलेला पहिला क्रॅक, नक्कल अडवणाऱ्या कुलपावरचा तोडगा, आणि कुणीतरी बसून शब्द मोजून अक्षरं लिहून काढली होती याचं मला आजही मोल वाटतं.

घरात पीसी आला २००३ ला. वडील उद्यमनगरात टर्नर, लेथवर सगळी हयात गेलेली, त्यांनी हप्त्यावर घेऊन दिला. गेमच्या सीड्या राजारामपुरीत एका तळघरातल्या दुकानात मिळायच्या, पन्नास रुपयाला एक, कव्हर म्हंजे कलर झेरॉक्स. दुकानातला दादा प्रत्येकाला तेच सांगायचा, "भावा, आधी इन्स्टॉल कर, मग क्रॅक नावाचं फोल्डर हाय बघ त्यातली फाइल उचलायची आन् गेमच्या फोल्डरात टाकायची, रिप्लेस करू का विचारंल, येस म्हणायचं, विषय संपला." सीडीत आणखी एक फाइल असायची, नोटपॅडमध्ये उघडली की डोक्यावर टोप्या घातलेल्या विचित्र अक्षरांचा नुसता चिखल. मी एकदा सहज फॉन्ट बदलून टर्मिनल केला आणि तो सगळा चिखल एकदम जागेवर बसला, मोठ्ठं नक्षीदार नाव तयार झालं, खाली गेमची माहिती, कसं बसवायचं त्याच्या पायऱ्या, आणि सगळ्यात शेवटी या अर्थाचं की गेम आवडला तर विकत घ्या, बनवणाऱ्यांना पैसे मिळू देत. रात्री अकरा वाजता ते वाचून मी गप्प बसून राहिलो होतो. क्रॅक करणारेच सांगतायत विकत घ्या म्हणून!

क्रॅक करणाऱ्या ग्रुपांची ती नावं पाठ झाली मग, रेझर १९११, फेअरलाइट, डेव्हियन्स, मिथ, रीलोडेड. रेझर १९११ नॉर्वेत १९८५ ला सुरू झालेला ग्रुप, फेअरलाइट स्वीडनचा, १९८७ चा, दोन्ही कमोडोर ६४ या जुन्या घरगुती कॉम्प्युटरच्या काळातले. कुलूप तोडलेल्या गेमच्या आधी ते आपली सही म्हणून छोटी झलक लावायचे, सरकणारी अक्षरं, रंगाचे पट्टे, टुंग टुंग संगीत, सगळं इवल्याशा मेमरीत बसवलेलं. त्यातूनच पुढं डेमोसीन नावाची वेगळी कला उभी राहिली आणि २०२० मध्ये फिनलंडनं ती युनेस्कोसाठीच्या आपल्या राष्ट्रीय अमूर्त वारशाच्या यादीत घेतली. आपल्याकडं पोवाड्याला जो मान, तसा तिकडं याला. मला यात काहीच वावगं वाटत नाही.

यात पैसा नव्हता, हे बाहेरच्यांना खरं वाटत नाही. त्यांच्या आपापसातल्या नियमांत विकायला बंदी, पैसे कमवायचा तो आमच्या तळघरातला दादा आणि त्याच्यासारखे जगभरचे. ग्रुपवाल्यांना पाहिजे होतं नाव. कोण आधी सोडतो, कुणाचा क्रॅक नीट चालतो, अर्धवट निघाला तर बाकीचे त्यावर न्यूकचा, म्हंजे बाद ठरवल्याचा शिक्का मारणार आणि इज्जत गेली. कोल्हापूरच्या माणसाला हे समजवायला लागत नाही. शाहू स्टेडियमवर पाटाकडील आणि दिलबहारची फुटबॉल मॅच असली की पेठा कशासाठी पेटतात? बक्षिसाच्या रकमेसाठी नव्हे.

आता कुलूप नेमकं कसं असायचं ते. मी एकदा वडिलांना समजावत होतो, सेफडिस्क नावाचा प्रकार होता, त्यात कारखान्यातच सीडीवर मुद्दाम काही जागा अशा ठेवायचे की त्या वाचताच येऊ नयेत. तुम्ही घरच्या रायटरवर साधी कॉपी काढली की त्या जागा तशा उमटत नाहीत. मग गेम सुरू होताना आधी त्याच जागा वाचून बघतो, वाचता आल्या नाहीत तर सीडी अस्सल, सरळ वाचल्या गेल्या तर नक्कल. वडील चष्मा पुसत ऐकत होते, म्हणाले, "म्हंजी खोट असली तरच माल खरा." वीस वर्षं मी हे लोकांना समजावतोय, पण या एका वाक्याच्या पुढं मला जाता आलेलं नाही.

आणि ते फोडायचं कसं, तर प्रोग्रॅम चालू असताना डीबगरमध्ये थांबवून एकेक सूचना बघत जायची. कुठंतरी एक जागा अशी येतेच की तिथं गेम ठरवतो, सीडी खरी, पुढं जा, सीडी खोटी, बाहेर पड. साध्या कुलपात ती एक अट असलेली उडी असते, मशीनच्या भाषेत ७५ आकडा. तिथं ईबी लिहिलं की अट गेली, काहीही झालं तरी उडी. एक बाइट. पुढं पुढं अख्खी फाइलच गुंडाळून बंद करायला लागले, तेव्हा आधी ती उलगडून परत जुळवणं हेच महिन्याचं काम व्हायचं. पण मूळ गोष्ट तीच. उद्यमनगरात बाहेरच्या मशीनचा पार्ट तुटला आणि कंपनी म्हणाली सहा महिने थांबा, तर आमचे मिस्त्री थांबत नाहीत, उघडतात, कॅलिपर लावतात, समजून घेतात. उघडून बघायची ती खाज माझ्या घरातच होती, त्यामुळं या पोरांकडं मी नुसतं चोर म्हणून कधी बघू शकलो नाही.

पहिला पगार झाला २००८ च्या दिवाळीआधी. पुण्याला गेलो होतो, तिथून ९९९ रुपयाची ओरिजिनल डीव्हीडी घेतली, गेमचं आणि कंपनीचं नाव घेत नाही. एसटीत मांडीवर ठेवून आणली, खोक्याचा वास अजून आठवतो. आत कागदावर कोड, तो टाकायचा, इंटरनेटवरनं मंजुरी घ्यायची, आणि अशी मंजुरी फक्त तीन वेळा. तेव्हा आपल्याकडं लोडशेडिंग किती होतं आठवा, मशीन दणकन बंद, विंडोज खराब, दोनदा फॉरमॅट मारला, मग मदरबोर्ड उडाला तो बदलला. तीन संपल्या. सव्वा वर्षात. चौथ्यांदा टाकला तर स्क्रीनवर हा कोड वापरून झालेला आहे. मेल केला, उत्तर आलं बिलाचा फोटो पाठवा, कोडाच्या कागदाचा फोटो पाठवा, दोन्ही कॅफेत जाऊन स्कॅन करून पाठवलं, त्यानंतर काही नाही. वडील म्हणाले, "पैसं घेतलं, कुलूप दिलं, आन् किल्ली संगट घिऊन गेला व्हय त्यो?"

मी राजारामपुरीत गेलो, साठ रुपये दिले, तोच गेम आणला, क्रॅक फोल्डरातली फाइल टाकली, चालू झाला. ओरिजिनल खोकं शेजारीच टेबलावर. फार वाईट वाटलं त्या दिवशी, राग नव्हता, वाईट वाटलं.

नंतर वाचायला लागलो तर जगभर हीच रड. २००८ च्याच सप्टेंबरात स्पोअर नावाचा गेम आला, सेक्युरॉमचं कुलूप आणि तीनच ॲक्टिव्हेशन, लोकांनी अमेझॉनवर एका स्टारचा पाऊस पाडला आणि कंपनीला तीनाचे पाच करावे लागले. गेम मात्र विक्रीला यायच्या आधीच क्रॅक होऊन फिरत होता, म्हंजे कुलपाचा त्रास कुणाला, तर ज्यानं बिल केलं त्याला. स्टारफोर्स नावाचं रशियन कुलूप तर विंडोजच्या आत ड्रायव्हर म्हणून जाऊन बसायचं, गेम काढला तरी ते आतच, लोकांनी एवढी बोंब मारली की २००६ मध्ये युबिसॉफ्टनं ते वापरणं सोडलं. आणि वर सेफडिस्कचं सांगितलं ना, त्याचाही असाच ड्रायव्हर होता, त्यात सुरक्षेची भोकं होती म्हणून विंडोज १० मध्ये तो बंदच केला. बरोबरच केलं असेल. पण त्या काळात रोख पैसे देऊन घेतलेल्या अस्सल सीड्या एका रात्रीत मुक्या झाल्या, आणि पन्नास रुपयेवाल्या, ज्यांच्यातून ते कुलूप कुणीतरी आधीच काढून टाकलं होतं, त्या बोलत राहिल्या.

सगळ्यात मोठी गोष्ट याच २००८ ची आहे, जुलैची. रेनबो सिक्स व्हेगास २ हा गेम युबिसॉफ्टचा. ज्यांनी डिजिटल कॉपी विकत घेतली त्यांना एका अपडेटनंतर गेम डिस्क मागायला लागला, आणि डाउनलोड करून घेतलेल्या माणसाकडं डिस्क कुठली असणार. तर कंपनीच्या सपोर्टकडनं एक फाइल आली, ही टाका, चालेल. चालला. लोकांनी ती फाइल उघडून आत बघितली तर आत रीलोडेडचं नाव! कंपनीनं स्वतःच्या गिऱ्हाइकाला क्रॅकवाल्यांची फाइल दिली होती. दोन वर्षांनी, २०१० ला, स्टीम या ऑनलाइन दुकानात विकला जाणारा मॅक्स पेन २ कुणीतरी तसाच उघडला तर आत मिथ ग्रुपची खूण. विकत घेतलेल्या, बिल असलेल्या गेममध्ये. जुनं सीडीचं कुलूप काढायला कंपनीकडं बहुतेक त्यापेक्षा सोपी वाट उरली नसणार. ज्यांना कोर्टात खेचायचं त्यांचंच काम दुकानात मांडून विकायचं, मी किती वेळा तरी हे लोकांना सांगितलंय आणि प्रत्येक वेळी समोरचा म्हणतो, जा रं, काय पण सांगतोस. खरं आहे.

पण दुसरी बाजू आहे आणि ती मी झटकणार नाही. २०१३ मध्ये ग्रीनहार्ट गेम्स नावाच्या दोन भावांच्या छोट्या कंपनीनं गेम डेव्ह टायकून काढला, आणि त्याची फुकटची आवृत्ती स्वतःच टोरंटवर, म्हंजे लोक फुकट फाइली वाटतात तिथं, सोडली. पहिल्या दिवशी ३,३१८ लोक खेळत होते, त्यातले ३,१०४ फुकटवाले. गेम हा गेम कंपनी चालवायचाच होता, आणि फुकट आवृत्तीत काही वेळानं तुमचे गेम सगळे चोरून खेळतात आणि कंपनी बुडते. दोन भाऊ, घर चालवायचं त्यावर. तिथं मला तळघरातल्या दादाचं कौतुक सुचत नाही. कायदाही आपल्याकडं आहे, २०१२ च्या दुरुस्तीनं कॉपीराइट कायद्यात ६५ अ कलम आलं, हक्क डावलायच्या हेतूनं असं कुलूप फोडलं तर दोन वर्षांपर्यंत शिक्षा आणि दंड. तिकडं तर ड्रिंकऑरडाय ग्रुपच्या ऑस्ट्रेलियात राहणाऱ्या म्होरक्याला २००७ मध्ये अमेरिकेत नेऊन तुरुंगात टाकलं. आणि आता फुकटच्या फाइलीत काय काय येतं ते वेगळंच, माझ्या मित्राच्या मुलाच्या लॅपटॉपचा पंखा दिवसरात्र किंचाळत होता, बघितलं तर आत कुणाचं तरी क्रिप्टो मायनिंग चालू.

मी स्वतः २०१५ पासून विकत घेतो. त्या नोव्हेंबरात स्टीमवर किमती रुपयात दिसायला लागल्या, सेलमध्ये दोनशे-अडीचशेला चांगले चांगले गेम, तळघरात जायची गरजच राहिली नाही. दादानं पण दुकान बंद करून मोबाइल कव्हरचा धंदा टाकला.

आताचं कुलूप म्हंजे डेनुवो, ऑस्ट्रियातल्या साल्झबर्गचं, २०१४ ला फिफा १५ पासून चालू झालं. हे नुसतं दाराला नसतं. गेमच्या कोडातलेच काही भाग काढून एका बनावट मशीनच्या भाषेत गुंडाळलेले असतात आणि ते तुमच्या पीसीच्या ओळखीशी बांधलेले असतात, त्यामुळं एक बाइट बदलून काही होत नाही. २०१६ च्या जानेवारीत चीनच्या थ्रीडीएम ग्रुपची प्रमुख, बर्ड सिस्टर म्हणतात तिला, हताश होऊन म्हणाली की असंच चाललं तर दोन वर्षांत फुकट गेम उरणार नाहीत. आणि ऑगस्टात इटलीच्या सीपीवाय ग्रुपनं राइज ऑफ द टूम रेडरचा क्रॅक सोडला. पुढच्या जानेवारीत रेसिडेंट इव्हिल ७ तर पाच दिवसांत. पण ही ताकद थोड्याच जणांकडं होती. बल्गेरियाच्या व्होक्सी नावाच्या क्रॅकरवर २०१८ ला पोलीस आले, कोडेक्स ग्रुपनं २०२२ ला दुकान आवरलं. त्यानंतर डेनुवोचे कितीतरी गेम बराच काळ तसेच बंद राहिले.

२०२१ च्या जुलैत रेसिडेंट इव्हिल व्हिलेजचा क्रॅक आला तेव्हा कळलं की विकत घेतलेल्यांचा गेम ज्या जागी अडखळत होता, झटके खात होता, तिथं क्रॅकवाला मऊसूत चालतोय. कॅपकॉमनं मग दुरुस्तीचा पॅच काढला आणि कुलपाशी संबंधित भाग सुधारल्याचं मान्य केलं. पैसे देणाऱ्यानं तोपर्यंत काय करायचं?

ऑगस्ट २०१९ चा पूर. आमचं घर टाकाळ्याला, उंचावर, पाणी आलं नाही, पण शाहूपुरी कुंभार गल्लीतनं आत्याकडची सगळी मंडळी आमच्याकडं आली, सात माणसं, दोन लहान पोरं. हायवे बंद, नळाला पाणी नाही, पेट्रोल नाही, लाइट येऊन जाऊन, नेट तर पहिल्याच दिवशी गेलं. पोरं खिडकीतनं पाऊस बघून बघून रडकुंडीला आलेली, घराचं काय झालं असेल म्हणून त्यांची आई तर बोलतच नव्हती. मी लॅपटॉप काढला, विकत घेतलेला गेम, सगळे पैसे भरलेले, उघडला तर आधी ऑनलाइन या, खातं तपासायचंय. दुसरा उघडला, तेच. शेवटी आतल्या खोलीतला जुना डेस्कटॉप झटकला, त्यात २००५ चा मोस्ट वॉन्टेड होता, क्रॅकवाला. कुणाला काही न विचारता सुरू झाला. लाइट असेल तेवढा वेळ पोरं पाळीपाळीनं पोलिसांच्या गाड्या चुकवत होती, धाकटी तर स्टूलवर उभी राहून आडवी-तिडवी होऊन वळायची. पाचव्या दिवशी पाणी उतरायला लागलं.

माझं म्हणणं एवढंच आहे की कुलूप लावा, सुरवातीला लावा, तेव्हाच विक्री असते, ते समजतं. पण त्याला मुदत पाहिजे. डूम २०१६ च्या मे महिन्यात आला, डिसेंबरात त्यातलं डेनुवो काढलं, कुणाचं काही बिघडलं नाही. अशी तारीख आधीच खोक्यावर छापा. नाहीतर द क्रू सारखं होतं, मार्च २०२४ ला सर्व्हर बंद आणि विकत घेतलेला गेम एकट्यानं खेळायलाही उघडेनासा झाला. त्यावरनं युरोपात स्टॉप किलिंग गेम्स म्हणून चळवळ उभी राहिली, २०२५ च्या जुलैपर्यंत दहा लाखांवर सह्या झाल्या, त्यांचं मागणं एवढंच की बंद करताना खेळता येईल अशा अवस्थेत सोडा. अमेरिकेत व्हिडिओ गेम हिस्टरी फाउंडेशननं २०२३ ला मोजून काढलं की २०१० च्या आधीचे ८७ टक्के गेम आता दुकानात मिळतच नाहीत. मग ते बघायचे कुठं? जे शिल्लक आहेत त्यातले बरेचसे या उघडणाऱ्यांमुळं शिल्लक आहेत, हे बोललं पाहिजे.

पुतण्या बारावीला आहे, परवा विचारत होता, काका हा नवीन गेम घिऊ का, चार हजाराच्या घरात आहे आणि डेनुवो आहे. थांब म्हटलं. कुलूप निघंल, किंमत उतरंल, मग माझ्याकडनं घे.

आणि एक विचारायचं राहिलं. ९६-९७ ला लक्ष्मीपुरीत त्या क्लासला जी पोरं होती त्यातलं कुणी हे वाचत असेल तर, ती निळ्या पेनची वही कुणाकडं आहे का? मला फक्त मागची पानं बघायचीयत, झेरॉक्स काढून त्याच दिवशी परत आणून देतो.